न कलणाऱ्या दुपारची लढाई

थांबमाळ,
२२ एप्रिल २०२३, दुपार

ती. भाऊस कोकिळाचा शि. सा. नमस्कार.

आज अक्षय्य तृतीया, लेकींनी माहेरी यायची आखाजी, असून मी अजून निंबखेड्याला मायजवळ पोचले नाही, याचं कारण लढाई आहे. काळजीचं काही नाही. अर्ध्या दिवसाची आहे.

झालं असं. यावलच्या केळीवरची फवारणी उरकून तशीच गाडीत बसले, त्यामुळे ड्रोन पायलटचं ओळखपत्र गळ्यातच राहून गेलं. पारोळ्याला स्टँडवर उभी होते, तर एक साहेब आले. म्हणाले, "ताई, ड्रोन तुम्हीच उडवता का?" मी म्हटलं, "नाही, ओळखपत्र मिरवायला घातलंय." त्यांना गंमत कळली नाही. म्हणाले, दुपारपुरतं काम आहे, संध्याकाळी मोकळ्या, भत्ता आणि डबा मिळेल. जागा धुळे रस्त्यालाच होती. म्हटलं, माहेरी जाता जाता करून जावं.

माळ कुणाचा, यावर लढाई आहे. मोजणी होऊ शकत नाही, कारण इथे वेळ सरळ चालत नाही आणि मोजणीदाराचं कालचं माप उद्या निघतं. म्हणून दोन्ही बाजूंनी लढायचं ठरवलं. अट एवढीच, की सूर्य बुडेपर्यंत लढायचं, आणि तेव्हा ज्यांचे ड्रोन जास्त हवेत असतील त्यांचा माळ. माझ्या हाती एक अख्खा थवा दिला आहे. टोळधाड आपल्याच रिमोटवर चालावी तसं वाटतं. पहिल्यांदा जरा मजा आली, खोटं कशाला बोलू.

फाटकावर अभिमनतात्या म्हणून एक म्हातारा बसतो. आत शिरताना तो म्हणाला, "तुमची आजची संध्याकाळ राखून ठेवतो. लढाई संपली की तीच परत मिळेल. मधेच सोडून निघालात तर बाहेर जी तारीख चालू असेल ती घ्यावी लागेल." मी बरं म्हटलं. असल्या सूचना औषधाच्या डब्यावरही असतात, कोण वाचतं?

इथे फोन लागत नाही, पोस्टमन मात्र येतो. माय आत्ता गावच्या फाट्यावर माझी वाट पाहत बसली असेल. शेजारच्या तोतारामनानांना फोन कर आणि तिला घरी न्यायला सांग. ऊन फार आहे. दिवा लागायच्या आत मी येतेच.

तुझी
कोकिळा

---

धुळे,
१४ ऑगस्ट २०२३

चि. सौ. कोकिळा हिस लीलाधरचे अनेक आशीर्वाद.

तुझं २२ एप्रिलचं पत्र काल मिळालं. काल म्हणजे १३ ऑगस्टला. "दिवा लागायच्या आत येतेच" हे वाक्य मी उभ्यानेच वाचलं आणि मग बसलो.

मी स्टँडवर गाड्यांचा कंट्रोलर आहे. उशीर म्हणजे काय, ते मला कुणी शिकवू नये. गाडी उशिरा येते, फार उशिरा येते, किंवा रद्द होते. तू यातली कुठली, ते कळव.

आखाजीच्या दिवशी तिकडे सासरी पंडितरावांना वाटलं की तू माहेरी पोचलीस, आणि आम्हाला वाटलं की सासूबाईंनी ठेवून घेतलं. मग दोन्हीकडून शोधाशोध. चौकीत तुझं वर्णन मी लिहून दिलं. उंचीच्या रकान्यापाशी अडलो. सख्ख्या बहिणीची उंची मला सांगता येत नाही, याचं फार वाईट वाटलं.

माय त्या दिवशी दिवे लागेपर्यंत फाट्यावर बसली होती. तोतारामनानांनी हाताला धरून घरी नेली. मला जाता आलं नाही. आखाजीला गाड्यांना मरणाची गर्दी असते, रजा मिळत नाही, तुला ठाऊक आहे. तुझ्या वाटच्या सांजोऱ्या तिने आठ दिवस डब्यात जपल्या आणि मग गाईला घातल्या. झोका अजून कडुनिंबाला तसाच बांधलेला आहे. सोडू देत नाही.

तू नाहीस म्हणून पंडितराव आता हातपंपाने फवारणी करतात. ते पाहणं मला जड जातं.

पत्र मिळताच नीघ.

तुझा
लीलाधर

---

थांबमाळ,
२२ एप्रिल, दुपारच

ती. भाऊस नमस्कार.

तुझं पत्र आलं तेव्हा माझा चहा अजून निवायचा होता. तू वर ऑगस्ट घातला आहेस. लहानपणी माझी चप्पल लपवून "कुत्र्याने नेली" म्हणायचास, तसलंच हे काहीतरी दिसतं. पण सांजोऱ्या गाईला घातल्या वगैरे लिहायचं नाही रे. सणाच्या दिवशी जीव उगाच कासावीस होतो.

लढाई चांगली चालली आहे. म्हणजे चालली आहे. आमचा थवा पूर्वेकडून जातो, त्यांचा पश्चिमेकडून येतो, मधे सगळं आभाळ काळं होतं आणि माशीवर माशी आपटावी तसे ड्रोन एकमेकांवर आपटतात. खाली खच पडतो. साहेब खूश होतात. मग जरा वेळाने तोच खच एकेक करून पुन्हा वर जातो, कारण इथे झालेली गोष्ट झालेली राहत नाही. मग साहेब नाराज होतात. समोरच्या बाजूलाही तसाच एक साहेब असणार, कारण आम्ही खूश असलो की तिकडून शिव्या ऐकू येतात.

सूर्य डोक्यावर आहे. मघाशीही तिथेच होता.

एक गंमत झाली. त्यांच्या एका ड्रोनने माझा डबा उडवला. भाकरी धुळीत. मला राग आला आणि समोर भोंगा होता. तोंडातून आपसूक आपल्या आखाजीच्या बारातली शिवी निघाली, "तुमना गावले पाणी नई, आंग धोवाले आमना गावले येतस!"

मग पलीकडच्या भोंग्यातून बाईचा आवाज आला, "आमले पाणी नई ते नई, तुमले ते लाज बी नई!"

भाऊ, ती शिंदखेड्याची निघाली. सुगंधाबाई नाव. तिकडेही सगळ्या आपल्याच, फवारणीवाल्या. मग काय, बार सुरू झाला. नदीच्या दोन काठांवरून दोन गावच्या पोरी शिव्या द्यायच्या ना, अगदी तसं. ड्रोन त्यांचे ते लढत होते, आम्ही आमच्या. साहेबांना वाटलं की हे सांकेतिक बोलणं आहे.

मायला सांग, मी आलेच.

कोकिळा

---

धुळे,
११ मे २०२४

चि. कोकिळास आशीर्वाद.

चप्पल मी लपवत होतो हे कबूल. ऑगस्ट मी लपवलेला नाही. सोबत कालचं वर्तमानपत्र पाठवतो. वरची तारीख वाच, मग हवामानाचा अंदाज वाच, म्हणजे ऊन किती होतं तेही कळेल. काल दुसरी आखाजी झाली.

लेकीला सासरहून आणायला मुराळी गेला तर कुणी अडवत नाही, ही आपली रीत. म्हणून, रजा नव्हती तरी दोन तासांची सवड काढून, मी मुराळी म्हणून तुझ्या त्या फाटकावर आलो होतो. नवा सदरा घातला होता. अभिमनतात्याने चहा दिला. "लेकीला न्यायला आलो आहे," म्हटलं. तो म्हणाला, "न्या की. पण तिची दुपार संपू द्या." किती वेळ लागेल, विचारलं. म्हणाला, "दुपारला लागतो तेवढा." असलं उत्तर मी स्टँडवर प्रवाशाला दिलं असतं तर माझी बदली झाली असती.

आत शिरू का, असंही विचारलं. तो म्हणाला, शिरा, मग तुम्हालाही तिथेच दुपार होईल. मायचं कोण करील, या विचाराने शिरलो नाही. परत ड्यूटीवर गेलो.

माय याही वर्षी फाट्यावर बसली. तोतारामनाना छत्री घेऊन गेले होते. तिने छत्री मिटून बाजूला ठेवली. म्हणाली, छत्रीखाली बसलं तर लेकीला लांबून ओळखू येणार नाही. ती खंगली आहे, कोकिळा. एवढं अंतर चालायला तिला आता दोनदा टेकावं लागतं.

ऑगस्ट खोटा वाटला तर वाटू दे. हे खरं धर.

लीलाधर

---

थांबमाळ,
दुपार

भाऊ,

वर्तमानपत्र पाहिलं. एकदा पाहिलं, पुन्हा पाहिलं, मग इथल्या सगळ्याजणींना दाखवलं. एकीचा मुलगा दहावीला होता. ती मटकन खालीच बसली.

मला भीती वाटते. इथे मी शेजारणीच्या डब्यातली अर्धी भाकरी खाल्ली तेवढ्यात माय एका वर्षाने म्हातारी झाली.

लगेच निघाले होते. रिमोट खाली ठेवून फाटकाकडे चार पावलं गेले, तर माझा थवा सरळ आमच्याच पत्र्याच्या शेडवर उतरायला लागला. खाली बायका बसलेल्या. परत फिरले. साहेब म्हणाले, बदली बाई आली की जा. कधी येणार? म्हणाले, तिची नेमणूक झाली आहे, पण तिची दुपार अजून व्हायची आहे. मी रिमोट पुन्हा हातात घेतला. बोलले असते तर भोंग्याची गरज पडली नसती.

सुगंधाबाईला भोंग्यावरून सगळं सांगितलं. ती पहिल्यांदाच हळू बोलली. तिची लेक पहिलटकरीण होती. बाळ आता चालत असेल, म्हणाली. ड्रोन आपटत राहिले.

सूर्य बुडाल्याशिवाय लढाई संपत नाही आणि सूर्य काही हलत नाही. साहेबांना म्हटलं, अट बदला. ते म्हणतात, अट दोन्ही बाजूंच्या सह्यांची आहे.

मायला एक विचार. आम्ही पोरी नदीवर बार खेळायचो तेव्हा कुणी जिंकायचं नाही, कुणी हरायचं नाही, तरी रोज थांबायचो आणि घरी यायचो. कशाने थांबायचो? मला आठवत नाही. तिला आठवेल. आणि तिला सांग, फाट्यावर बसू नको. माझी शपथ घाल.

कोकिळा

---

धुळे,
२ मे २०२५

कोकिळा,

तुझं पत्र मला फेब्रुवारीत मिळालं. रविवारी गावी जाऊन मायला वाचून दाखवलं. ती हसली. म्हणाली, "येडी शे. आपला गावमा बार काय सूर्य पाहीसन थांबे? मी दिवा लावू, हाक मारू, तवय पोरी घर येत. दिवा लाव म्हणा तिले." मी म्हटलं, लिहितो. मग लग्नसराईच्या जादा गाड्या लागल्या आणि लिहायचं राहिलं. आता लिहितो आहे.

परवा आखाजी होती. तुझी शपथ मी घातली होती. ती म्हणाली, पोरगी शपथ घालते म्हणजे येणारच असेल. तोतारामनाना लग्नाला गेले होते. मला रजा नव्हती. ती एकटीच फाट्यावर गेली आणि दुपारभर उन्हात बसली. गाडीच्या कंडक्टरने पाहिलं, दगडाला टेकून निजल्यासारखी होती. पारोळ्याला नेली. वाटेतच गेली.

सगळं मी केलं. पंडितराव आले होते. झोका मी सोडला.

आता यायची घाई नाही.

लीलाधर

---

थांबमाळ

भाऊ,

पत्र मिळालं. दिवा लावते.

कोकिळा

---

निंबखेडं,
२३ एप्रिल २०२३, सकाळ

ती. भाऊस कोकिळाचा शि. सा. नमस्कार.

हे पत्र पहिल्या गाडीच्या कंडक्टरजवळ देते आहे, म्हणजे तुला ड्यूटीवरच मिळेल. फोन करत नाही, कारण फोनवर तू मधेच बोलतोस. तारीख बरोबर लिहिली आहे. काल आखाजी होती.

तुला यातलं काहीच ठाऊक नसणार, म्हणून थोडक्यात सांगते. मी एका लढाईला गेले होते. सूर्य बुडेपर्यंत लढायचं होतं आणि सूर्य बुडत नव्हता. तेवढ्या एका दुपारी मला तुझी तीन पत्रं आली. तिसऱ्यात माय गेल्याचं होतं. ती माझीच वाट पाहत उन्हात बसली आणि गेली, असं होतं. ते वाचून मी रडले नाही. मला राग आला आणि मी डबा पुढ्यात ओढला.

डब्यात लोणचं उरलं होतं. त्याचं तेल झाकणात काढलं, पदराची चिंधी फाडून वात केली, दिवा लावला आणि बांधावर ठेवला. भर दुपारी दिवा कुणाला दिसतो? म्हणून भोंगा घेतला आणि मायसारखी हाक मारली, "पोरी वंऽ! दिवा लागना! घर चला!"

आमच्या बाजूच्या बायका थबकल्या. पलीकडून सुगंधाबाई म्हणाली, "खरंच लागना का वं?"

मी जळत्या वातीकडे बघत म्हटलं, "लागना."

"मंग काय बसनीस? चला."

आणि तिने तिचा थवा खाली उतरवला. मी माझा उतरवला. मग एकेक करून सगळ्या बायकांनी उतरवले, दोन्हीकडच्या, शेतात फवारणी झाल्यावर उतरवतो तसे सावकाश, पाती न मोडता. साहेब धावत आले. वर बोट करून म्हणाले, "अहो, सूर्य आहे अजून!" पलीकडचा साहेबही तेच ओरडत होता. सुगंधाबाई म्हणाली, "तुमना सूर्य तुमनाजोडे ठेवा. आमले सांज व्हयनी."

हवेत एकही ड्रोन नव्हता. माळ कुणाचा ते ठरलं नाही. खाली उतरल्यावर सगळे ड्रोन सारखेच दिसत होते.

मी वर पाहिलं नाही. पण फाटकापाशी आले तेव्हा माझी सावली लांब पडली होती. अभिमनतात्या उभा राहिला. म्हणाला, "पहिल्यांदाच कुणी मागायला आलं." आणि राखून ठेवलेली माझी संध्याकाळ मला दिली. ती कालची निघाली. २२ एप्रिलची.

फाट्यावर उतरले तर माय दगडावर बसलेली. म्हणाली, "इतला उशीर कसाले कया व पोरी?" मी सांगितलं, गाडी चुकली. आणि तिच्या मांडीत डोकं घालून जी रडायला लागले ती थांबेचना. ती पाठीवरून हात फिरवत राहिली. मग हळूच विचारलं, "सासू बोलनी का काही?"

मी हो म्हटलं. सासूबाईंची माफी मागेन नंतर.

सांजोऱ्या खाल्ल्या. झोक्यावर बसले. पंडितरावांना पोचल्याचा फोन केला. ते "बरं" म्हणाले. त्यांचं "बरं" इतकं गोड कधी लागलं नव्हतं.

आता तुझं. तुझी ती तीन पत्रं माझ्या पिशवीत आहेत. तू ती अजून लिहिलेली नाहीस. लिहू नकोस. माझी लढाईवरची काही पत्रं तुला पुढे ऑगस्टात वगैरे मिळतील, ती न वाचता चुलीत घाल. माझी उंची पाच फूट एक इंच आहे. लक्षात असू दे.

मला वाटलं होतं की मी आले, म्हणजे संपलं. आज सकाळी भाकरी झाल्यावर माय पुन्हा चप्पल घालून निघाली. विचारलं, कुठे? म्हणाली, फाट्यावर. मी म्हटलं, माय, मी तर घरात आहे, आता कुणाची वाट पाहतेस?

ती म्हणाली, "लीलाधर नई ऊना ना आजून."

भाऊ, ती काल एकट्या माझ्यासाठी बसलेली नव्हती. तुझ्या तिन्ही पत्रांत रजा नव्हती असं आहे. तिने ते कधी ऐकलंच नसावं. दर आखाजीला ती दोघांसाठी बसते.

मी लढाई संपवून आले. तू धुळ्याहून ये.

तुझी
कोकिळा

---

धुळे,
२३ एप्रिल २०२३, दुपार

चि. सौ. कोकिळा हिस आशीर्वाद.

तुझं पत्र मिळालं. कंडक्टर समोर उभा आहे, त्याच्याच हाती हे चार शब्द देतो. माझ्या गाडीच्या आधी त्याची गाडी फाट्यावर थांबेल.

निम्मं पत्र मला कळलं नाही. मी कुणाला पत्रं लिहीत नाही, तीन तर नाहीच. उंची कशाला कळवलीस तेही समजलं नाही, पण टिपून ठेवली आहे.

रजा मागितली. मिळाली. मला वाटायचं, मिळत नाही.

दीडच्या गाडीने निघतो. मायला घरी नेऊ नकोस, बसू दे. तिच्याजवळ छत्री उघडून धर. छत्रीखाली ती मला लांबून ओळखू येणार नाही अशी भीती तिला वाटली तर सांग, मी हाक मारतच उतरेन.

लीलाधर